बंदुकीचा परवाना रद्द होतो तेव्हा

बचतगटाच्या कार्यक्रमात बंदुकीचा विषय कशाला, असं वाटेल. पण आपल्या कोकणात शेतीसंरक्षणाच्या परवान्यावर घेतलेली ठासणीची बंदूक अजून बऱ्याच घरांत असते. रानडुकरं एका रात्रीत भात आडवं करतात, वानरं नारळ ठेवत नाहीत. म्हणून ती घेतलेली असते.

एका बैठकीनंतर एक ताई मागे थांबली. तिला विचारूनच सांगते आहे, नाव-गाव सांगणार नाही. नवरा प्यायला की भिंतीवरची बंदूक काढतो आणि तिच्यासमोर पुसत बसतो. बोलत काही नाही, नुसता पुसतो. "कलेक्टर साहेबांना सांगून उद्याच्या उद्या परवाना रद्द होईल ना?" तिनं विचारलं. मला पटकन 'हो' म्हणावंसं वाटलं. बी.ए.ला माझा विषय राज्यशास्त्र होता, पण हे काही त्यात शिकवलं नव्हतं. म्हणून आधी कायदा वाचला.

परवाना देणारे आणि रद्द करणारे अधिकारी एकच असतात. जिल्ह्यात जिल्हादंडाधिकारी, म्हणजे कलेक्टर, आणि आयुक्तालय असेल तिथे पोलीस आयुक्त. शस्त्र अधिनियम १९५९, कलम १७ मध्ये कारणं दिली आहेत. माणूस बंदूक बाळगायला योग्य राहिला नाही, लोकांच्या सुरक्षिततेला धोका आहे, माहिती लपवून परवाना मिळवला, अटी मोडल्या, अशी ती कारणं. साहेबांची मर्जी हे कारण त्यात नाही. आदेश लेखी हवा, त्यात कारणं नोंदवलेली हवीत. परवानाधारकानं मागितली तर ती थोडक्यात द्यावी लागतात. देणं लोकहिताचं नाही असं अधिकाऱ्याला वाटलं, तरच ती नाकारता येतात. शिवाय रद्द करण्याआधी नोटीस देऊन त्याचं म्हणणं ऐकावं, हे न्यायालयांनी पुन्हा पुन्हा सांगितलं आहे. अलाहाबाद उच्च न्यायालयाचे तर बरेच निकाल आहेत, की नुसता गुन्हा दाखल झाला एवढ्यावर परवाना काढून घेता येत नाही.

हे ऐकून ताई चिडलीच. "म्हणजे कायदापण त्याचाच?"

तिचा राग मला कळतो. पण पुढचं बघा. नोटीस नाही, कारण नाही, असा एका ओळीचा आदेश निघाला तर तो माणूस कलम १८ प्रमाणे अपिलात जातो. तिथे असा आदेश टिकणं कठीण. मग ठाण्यात जमा केलेली बंदूक परत त्याच भिंतीवर येते, आणि या वेळी तो जास्त डिवचलेला असतो. म्हणून त्याला मिळणारी नोटीस ही आपल्याही फायद्याची आहे, बरं का. आणि उद्या बांधाच्या भांडणातून कुणी आपल्याच भावाविरुद्ध खोटा अर्ज केला, तर त्याचंही ऐकून घ्यायला नको का?

मग तोवर बाईनं काय करायचं? त्याच कलमात परवाना काही काळ निलंबित करायचाही अधिकार आहे. अर्जात तेही मागायचं. त्यानं अपील केलं तरी, वरचा अधिकारी वेगळं सांगत नाही तोवर मूळ आदेश चालूच राहतो, म्हणजे बंदूक लगेच परत मिळत नाही. जिवाला धोका असेल तर मात्र अर्जबिर्ज नंतर, आधी ११२ ला फोन. कौटुंबिक हिंसाचाराच्या २००५ च्या कायद्याखाली संरक्षण अधिकारी असतात, त्यांच्याकडेही जाता येतं.

अर्ज मोघम नको. 'नवरा त्रास देतो' एवढ्यावर अधिकारी कारणं तरी काय नोंदवणार? कोणत्या तारखेला काय झालं, कोणी पाहिलं, ते लिहायचं. एक प्रत पोलीस ठाण्यात द्यायची आणि दोन्हीकडे शिक्का मारलेली पोच घ्यायची. पोच द्यायला टाळाटाळ झाली तरी तिथून हलायचं नाही.

ताईचा अर्ज आम्ही दोघींनी दोनदा फाडून तिसऱ्यांदा लिहिला. "बोलत नाही, पुसत बसतो" हे वाक्य तिनं काढू दिलं नाही. घटना तीन लिहिल्या. चौथी होती, पण ती गौरी आल्या त्या रात्रीची की आदल्या रात्रीची, हे तिला नक्की आठवेना. ती आम्ही सोडून दिली.