मुकेश, सुनीता आणि पुडीवरचा नंबर

तंबाखू सोड म्हटलं की एक उत्तर हमखास येतं: ‘आमचे आजोबा नव्वदीपर्यंत मळून खात होते, त्यांना कुठं काय झालं?’ या उत्तरापुढे आकडेवारी हरते. आजोबांना सगळ्यांनी पाहिलेलं असतं, आकडा कुणी पाहिलेला नसतो. शिवाय नव्वदी गाठलेला माणूस पारावर बसून बोलतो. तिशीत गेलेला कुठून बोलणार?

ही पोकळी भुसावळच्या मुकेशने भरली. मुंबईच्या टाटा मेमोरियल रुग्णालयात उपचार घेताना तो कॅमेऱ्यासमोर बोलला. गुटखा आपण फक्त वर्षभर खाल्ला, असं त्याने सांगितलं. ऑक्टोबर 2009 मध्ये तो गेला, वय 24. पुढे 2 ऑक्टोबर 2012 पासून तंबाखूची दृश्यं असलेल्या चित्रपटांच्या सुरुवातीला आणि मध्यंतराच्या सुमारास आरोग्यसंदेश दाखवणं सक्तीचं झालं आणि मुकेश देशभरच्या पडद्यांवर पोचला.

पण तीच चित्रफीत पुन्हा पुन्हा पाहून प्रेक्षक निबर होत गेले. त्याचं पहिलं वाक्य तरुणांच्या थट्टेचा विषय झालं. मरणाच्या दारातल्या मुलाची नक्कल करून हसणं वाईटच. तरी दोष एकट्या प्रेक्षकांचा नाही: भीती दाखवून पुढची वाट न दाखवणारी कहाणी लोक अशीच झटकून टाकतात.

सुनीता तोमरची गोष्ट आणखी पुढे गेली. मध्य प्रदेशातल्या भिंडची ही तरुणी, दोन मुलांची आई. तोंडाच्या कर्करोगाच्या शस्त्रक्रियेने बदललेला चेहरा घेऊन ती 2014 च्या सरकारी मोहिमेत उतरली. तंबाखूच्या पाकिटावरचा सचित्र इशारा 1 एप्रिल 2015 पासून मोठा व्हायचा होता. त्याआधीच अहमदनगरचे तेव्हाचे खासदार आणि संबंधित संसदीय समितीचे अध्यक्ष दिलीप गांधी यांनी, तंबाखूने कर्करोग होतो हे सांगणारा भारतीय अभ्यास नाही, असं विधान केलं. निर्णय लांबणीवर पडला. सुनीताने व्यथित होऊन पंतप्रधानांना पत्र लिहिलं आणि ज्या दिवशी तो इशारा लागू व्हायचा होता, त्याच दिवशी टाटा रुग्णालयात तिचा मृत्यू झाला. वय 28. पाकिटाचा 85 टक्के भाग व्यापणारा इशारा अखेर 1 एप्रिल 2016 ला आला. त्यामागे डॉक्टरांचा आणि कार्यकर्त्यांचा दीर्घ लढा होता, न्यायालयाचा रेटा होता; पण त्या वादाला चेहरा दिला तो सुनीताने.

अशा मोहिमांचा उपयोग मोजता येतो का? अमेरिकेत 2012 मध्ये माजी धूम्रपान करणाऱ्यांची मोहीम सुरू झाली. तिच्यात टेरी हॉल ही महिला सकाळी कवळी बसवते, विग घालते, मग घशाच्या छिद्रात आवाजाचं उपकरण लावून तयार होते. रडणं नाही, उपदेश नाही, नुसती रोजची तयारी. जाहिरातीत मदतीचा दूरध्वनी क्रमांकही असे. ‘लॅन्सेट’मध्ये 2013 साली आलेल्या अभ्यासानुसार, त्या पहिल्या मोहिमेमुळे सुमारे 16 लाख जादा लोकांनी सिगारेट सोडण्याचा प्रयत्न केला आणि किमान एक लाख लोक त्यावर टिकून राहतील असा अंदाज होता. कहाणी हलवते आणि क्रमांक हात धरतो. दोन्ही जोडीनेच हवेत.

आपल्याकडे प्रश्न वेगळा आणि मोठा आहे. 2016-17 च्या राष्ट्रीय पाहणीत महाराष्ट्रात धूम्रपान करणारे प्रौढ चार टक्क्यांच्या आत होते, तर मावा, खर्रा, मशेरी, तंबाखू-चुना यांसारखे धूरविरहित प्रकार वापरणारे जवळपास चोवीस टक्के. मशेरी लावणाऱ्या आजी-मावशीला सिगारेटची जाहिरात आपली वाटणार नाही. तिच्या बोलीत बोलणारी, तिच्यासारखीच सवय सोडलेली बाई पडद्यावर दिसायला हवी. बरी होऊन घरी परतलेली माणसं मोहिमांमध्ये फार कमी दिसतात, हा मोठा दोष आहे. आणि जो आपलं दुखणं चव्हाट्यावर मांडतो, त्याच्या उपचारांची, कुटुंबाची काळजी मोहीम चालवणाऱ्यांनी घेतलीच पाहिजे.

दूरध्वनी क्रमांक मात्र आता आपल्याकडेही आहे. 1800-11-2356 ही तंबाखू सोडण्यासाठीची राष्ट्रीय मोफत सेवा असून 2018 पासून हा क्रमांक पाकिटांवर छापला जातो. घरात कुणी तंबाखू खात असेल, तर रागावण्याआधी त्यांच्यासोबत बसून तो फिरवून द्या.