श्रम, निवारा आणि माहितीपट : आनंद पटवर्धन यांच्या 'हमारा शहर'च्या संदर्भात

श्रमाचा अभ्यास करताना आपण सामान्यतः वेतन, कामाचे तास, कामगार संघटना व कायदे यांचा विचार करतो. तो श्रमिक रात्री कोठे झोपतो, हा प्रश्न मात्र नगररचनेच्या अभ्यासकांकडे सोपविला जातो. आनंद पटवर्धन (जन्म १९५०) यांच्या माहितीपटांत ही विभागणी टिकत नाही. प्रस्तुत लेखात 'हमारा शहर' (१९८५) या माहितीपटाच्या आधारे हा मुद्दा स्पष्ट करण्याचा प्रयत्न केला आहे.

श्रमाचा विषय पटवर्धन यांना नवा नव्हता. कॅनडातील ब्रिटिश कोलंबिया प्रांतात भारतीय वंशाच्या शेतमजुरांनी संघटना कशी बांधली, हे त्यांनी जिम मन्रो यांच्यासमवेत 'अ टाइम टू राइझ' (१९८१) मध्ये चित्रित केले होते. तेथील लढा वेतनाचा व कामाच्या परिस्थितीचा होता. मुंबईत प्रश्न त्याही आधीचा होता : ज्या शहरात काम करावयाचे, तेथे राहता येईल काय?

१९८१ मध्ये महाराष्ट्र शासनाने पदपथांवरील व झोपडपट्ट्यांतील रहिवाशांना हटविण्याचा निर्णय घेतला. त्यातून उद्भवलेल्या ओल्गा टेलिस खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १० जुलै १९८५ रोजी उपजीविकेचा अधिकार हा घटनेच्या कलम २१ मधील जीविताच्या अधिकाराचाच भाग असल्याचे मान्य केले. तथापि पूर्वसूचना देऊन अतिक्रमण हटविण्याचा महापालिकेचा अधिकारही कायम राहिला. झोपडी गेली की रोजगार जातो, हा त्या खटल्यातील मुख्य युक्तिवाद होता. बांधकाम मजूर वा घरकाम करणारी स्त्री यांच्या मजुरीत घरभाड्याचा अंश धरलेलाच नसतो. तो खर्च झोपडी सोसते, आणि त्यामुळे शहराला श्रम स्वस्तात मिळतात. ज्यांना या स्वस्ताईचा लाभ होतो, तेच झोपड्या हटविण्याची मागणी करतात. ही विसंगती पटवर्धन निवेदनातून सांगत बसत नाहीत. अधिकारी, उच्चभ्रू नागरिक आणि बेघर झालेले श्रमिक यांचे बोलणे ते एकापुढे एक ठेवतात.

या माहितीपटातील एक प्रसंग विशेष लक्षणीय आहे. घर उद्ध्वस्त झालेली एक स्त्री कॅमेऱ्यालाच धारेवर धरते. गरिबांची चित्रे काढून तुम्ही नाव मिळवाल, आम्हांला काय मिळणार, असा तिचा रोख आहे. दिग्दर्शकाला हा भाग सहज वगळता आला असता. तो वगळला नाही, यातच या कृतीचा प्रामाणिकपणा आहे, असे प्रस्तुत लेखकाला वाटते. (वस्त्यांमध्ये प्रश्नावल्या घेऊन जाणाऱ्या आपणा प्राध्यापकांनाही हा प्रश्न चुकत नाही.)

'हमारा शहर'मध्ये शाहीर विलास घोगरे यांचा आवाज ऐकू येतो. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा जण मृत्युमुखी पडले; त्यानंतर चारच दिवसांनी घोगरे यांनी आत्महत्या केली. तेथून पटवर्धन यांनी जे चित्रीकरण सुरू केले ते चौदा वर्षे चालले. त्यातून सिद्ध झालेल्या 'जय भीम कॉम्रेड' (२०११) मध्ये शहराचा कचरा उचलणारे सफाई कामगारही दिसतात, आणि 'हमारा शहर'मध्ये मुख्यतः वर्गाच्या अंगाने मांडलेला प्रश्न येथे जातीच्या अंगानेही उभा राहतो.