मॅट्रिक नापास, सिनेमे दीडशे!

‘वेड पांघरून पेडगावला जाणं’ हा वाक्प्रचार शाळेत आपण सगळ्यांनीच वाक्यात उपयोग करून संपवलाय. पण हे पेडगाव किती जवळ आहे, हे माहितीय? वडगाव रासाईच्या शिवारातून वाहणारी आपली भीमा पुढे दौंड ओलांडते आणि थोड्याच अंतरावर श्रीगोंदा तालुक्यातल्या पेडगावला पोचते. तिथला बहादूरगड आजही नदीकाठी उभा आहे. १९५२ साली या वाक्प्रचारातून एका सिनेमाचं नाव निघालं, ‘पेडगावचे शहाणे’. दिग्दर्शन राजा परांजपे यांचं, मुख्य भूमिकाही त्यांचीच. लेखक ग. दि. माडगूळकर.

थांबा, ‘गीतरामायण’वाले गदिमा ना? हो, तेच. शाळेच्या पुस्तकातले कवी, आजीच्या रेडिओतले गीतकार. पण त्यांचा पोटापाण्याचा उद्योग होता सिनेमा लिहिण्याचा. दीडशेहून अधिक मराठी चित्रपटांशी कथा, पटकथा, संवाद किंवा गाणी अशा कुठल्या ना कुठल्या नात्यानं त्यांचं नाव जोडलेलं आहे. हिंदी सिनेमे वेगळेच.

आता त्यांचा ‘बायोडेटा’ बघा. जन्म १ ऑक्टोबर १९१९, शेटफळे या आटपाडीकडच्या दुष्काळी खेड्यात. घरची गरिबी. मॅट्रिकला गणितानं घात केला, म्हणजे डिग्री नाहीच. पोट भरण्यासाठी कोल्हापूर गाठलं, कारण तेव्हा मराठी सिनेमाचं गाव तेच. १९३८च्या ‘ब्रह्मचारी’त छोटीशी भूमिका मिळाली. काही काळ वि. स. खांडेकरांचे लेखनिक म्हणून काम केलं. खांडेकर तेव्हा मास्टर विनायकांसाठी सिनेमे लिहीत. ते सांगणार, गदिमा उतरवून घेणार. स्क्रीनप्ले रायटिंगचा कोर्स तेव्हा नव्हता. दुसऱ्याचं वाक्य आपल्या हातानं कागदावर उतरवताना ते कसं उभं राहतं हे कळणं, हाच कोर्स.

१९४७ साली ‘लोकशाहीर राम जोशी’ आला आणि चित्र पालटलं. व्ही. शांताराम यांच्या राजकमलच्या या सिनेमाची कथा-पटकथा गदिमांची, गाणी त्यांची, शिवाय पडद्यावरही ते होतेच. त्याच वर्षी दिनकर द. पाटलांचा ‘जय मल्हार’ही आला. फड, ढोलकी, पाटील, लावणी हा सगळा मालमसाला इथून पुढे पंचवीसेक वर्षं मराठी सिनेमाला पुरला. नारायणगावच्या तमाशाला गर्दी करणारा आपल्या जिल्ह्यातला माणूस तंबूतल्या टॉकीजसमोरही बसू लागला. गदिमांचे धाकटे बंधू व्यंकटेश माडगूळकर यांची पटकथा असलेला ‘सांगत्ये ऐका’ (१९५९) तर पुण्याच्या विजयानंदमध्ये शंभराहून अधिक आठवडे चालला!

पण यश दिसतं तेवढं गुबगुबीत नव्हतं. मराठी सिनेमाचा बाजार महाराष्ट्रापुरता. हिंदीसारखा देशभराचा धंदा नाही, त्यामुळे खिशात पैसा कमी. कृष्णधवल फिल्म, मोजके सेट, ठरलेली माणसं. दिग्दर्शक राजा परांजपे, लेखक गदिमा, संगीतकार सुधीर फडके, ही त्रयी पुन्हा पुन्हा एकत्र यायची. काटकसर किती, तर ‘लाखाची गोष्ट’चा नायक राजा गोसावी पुण्याच्या भानुविलास थिएटरात आपल्याच सिनेमाची तिकिटं विकायचा, हा किस्सा आजही सांगितला जातो.

अशा वेळी सगळ्यात स्वस्त गोष्ट कुठली? कल्पना! गदिमांचे सिनेमे नीट बघितले तर लक्षात येतं, की प्रत्येकाच्या पोटात एका ओळीत सांगता येईल असं काहीतरी आहे. ‘लाखाची गोष्ट’ (१९५२): हातात आलेले लाख रुपये ठरल्या मुदतीत उधळून दाखवायचे, आणि ते काही केल्या संपत नाहीत. ‘ऊन पाऊस’ (१९५४): म्हाताऱ्या मास्तरांना आणि त्यांच्या बायकोला मुलं आपसांत वाटून घेतात. (‘बागबान’ आठवला ना? तो २००३चा.) ‘जगाच्या पाठीवर’ (१९६०): एक भणंग भोळा माणूस आणि एक आंधळी मुलगी. ना परदेश, ना हेलिकॉप्टर. दोन-चार घरं, एक रस्ता आणि पात्रांना अडकवणारी एक अट. बाकीचं काम संवादांचं.

यातली सगळ्यात भारी गोष्ट मात्र त्यांच्या गावाजवळची आहे. आटपाडीजवळ स्वतंत्रपूर नावाची वसाहत आहे. औंध संस्थानानं १९३९च्या सुमारास तिथं कैद्यांना भिंतीबाहेर, शेतात ठेवायचा प्रयोग केला. गदिमांनी त्यावरून सहा कैदी आणि एका जेलरची गोष्ट रचली. तोच शांताराम यांचा ‘दो आँखें बारह हाथ’ (१९५७). त्याला राष्ट्रपतींचं सुवर्णपदक मिळालं आणि १९५८च्या बर्लिन महोत्सवात रौप्य अस्वलही. माणदेशातल्या माळावरची गोष्ट बर्लिनला पोचली. ती शोधायला लेखकाला माणदेशाबाहेर जावं लागलं नव्हतं.

सगळंच लेखन असं होतं का? नाही. दीडशे सिनेमांत योगायोगानं सुटलेले गुंते आहेत, घाईत जुळवलेले शेवट आहेत, एकाच साच्यातले पाटील आणि सासवा आहेत. निर्माता दारात उभा असताना लिहिलेलं सगळंच टिकत नाही. पण याच धबडग्याच्या मधोमध, १ एप्रिल १९५५पासून वर्षभर, पुणे आकाशवाणीसाठी त्यांनी ‘गीतरामायण’ची छप्पन्न गाणी लिहिली, आठवड्याला एक या हिशेबानं. ‘मूड लागला की लिहितो’ म्हणणाऱ्या आपल्यासारख्यांनी या वेळापत्रकाकडे जरा बघायला हवं. सिनेमानं त्यांना वेळेत, दुसऱ्याच्या गरजेप्रमाणे आणि सगळ्यांना कळेल असं लिहायची सवय लावली होती. ‘गीतरामायण’च्या शब्दांत ती सवय दिसते.

पुढे मान मिळाला. १९६९ला पद्मश्री, विधान परिषदेची आमदारकी, १९७३च्या यवतमाळ साहित्य संमेलनाचं अध्यक्षपद. १४ डिसेंबर १९७७ला पुण्यात ते गेले. त्यानंतर कवी गदिमा घराघरांत उरले आणि पटकथाकार गदिमा हळूहळू पुसट झाले. याचं कारण साधं आहे. गाणं ओठांवर राहतं, कविता पुस्तकात राहते. पटकथा मात्र शूटिंग संपलं की रद्दी. सिनेमाची प्रिंट गेली की लेखकही गेला. पडद्यावर माणूस रडला की आपण नटाला टाळ्या देतो. त्याला रडायची वेळ कुणी आणली, हे विचारत नाही.

आज शिरूर-दौंडकडची कितीतरी पोरं मोबाईलवर शॉर्टफिल्म आणि वेबसिरीज करतात. कॅमेऱ्याचं बजेट, ड्रोनचं भाडं यावर रात्र-रात्र चर्चा होते. स्क्रिप्टचं काय, तर ‘लोकेशनवर बघू’. गदिमांचा हिशेब उलटा होता. पैसा नाही, तर आधी गोष्ट. आणि गोष्टीसाठी लांब कशाला जायचं? उसाच्या फडात बिबट्या दिसला म्हणून रात्रीचं पाणी धरायला कुणी जायचं यावरून घरात उडणारा खटका, ही एका ओळीत मावणारी अट आहेच की. या शनिवारी यूट्यूबवर ‘लाखाची गोष्ट’ किंवा ‘जगाच्या पाठीवर’ शोधा. सापडला तर वही घेऊन बसा आणि प्रत्येक प्रसंगाला कोणाला काय हवंय ते लिहीत जा. सिनेमा संपेल तेव्हा पटकथेचा पहिला धडा तुमच्याच अक्षरात वहीत असेल. गणितात किती मार्क आहेत, हे तिथं कुणी विचारत नाही.