पदोन्नती नाकारली, लाभ गेला. मग वसुली कशाची?

या भागात पदोन्नतीच्या मानीव दिनांकाविषयी लिहायचं ठरलं होतं. ते पुढच्या आठवड्यावर ढकलावं लागत आहे, कारण गडहिंग्लजकडून आलेलं एका वाचकाचं पत्र. वीज कंपनीत तंत्रज्ञ, निवृत्तीला वर्षही उरलेलं नाही. बऱ्याच वर्षांपूर्वी त्यांना ‘जीओ ७४’चा लाभ मिळाला. नंतर पदोन्नतीचा आदेश आला तो बदलीसह. घरी आई अंथरुणाला खिळलेली, म्हणून त्यांनी लेखी नकार दिला. आता लाभ रद्द झाला आहे आणि आजवर दिलेली रक्कम दरमहा पगारातून कापायला सुरुवात झाली आहे. ‘दोन्ही एकदम करता येतं का?’ एवढंच त्यांनी विचारलंय.

जीओ ७४ म्हणजे राज्य विद्युत मंडळाचा १९७४चा सर्वसाधारण आदेश. वरची जागा रिकामी होत नाही म्हणून एकाच पदावर कुजत पडलेल्याला पद न बदलता वरची वेतनश्रेणी द्यायची, ही त्यामागची कल्पना. ६ जून २००५ रोजी मंडळाचं विभाजन होऊन महावितरण, महापारेषण, महानिर्मिती आणि सूत्रधारी कंपनी अशा चार कंपन्या झाल्या. विद्युत कायदा, २००३ च्या कलम १३३ नं बजावलं की, कंपनीकडे वर्ग झालेल्यांच्या सेवाशर्ती आधीपेक्षा कमी लाभाच्या असता कामा नयेत. कर्मचाऱ्यांच्या दृष्टीनं हे त्या कायद्यातलं सगळ्यात मोलाचं वाक्य.

खरी गोम पुढे आहे. वरची श्रेणी आधीच हातात असल्यानं प्रत्यक्ष पदोन्नतीनं पगार फारसा वाढत नाही. वाढते ती जबाबदारी आणि घरापासूनचं अंतर. पंचावन्नी ओलांडलेला माणूस नको म्हणतो, यात नवल ते काय?

तरीही लाभ पुढे चालू ठेवा, ही मागणी अवघड आहे. मंजू अरोरा प्रकरणात जानेवारी २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं की, नियमित पदोन्नती नाकारणाऱ्याला कुंठिततेच्या नावाखाली वरची श्रेणी मागता येणार नाही. मात्र तिथं नकार आधीचा होता, श्रेणी नंतरची. गडहिंग्लजच्या प्रकरणात क्रम उलटा आहे: लाभ मिळाला तेव्हा पदोन्नती समोर नव्हतीच. वकिलानं हा फरक ठासून मांडायला हवा.

वसुलीचं मात्र वेगळं. पंजाब राज्य विरुद्ध रफिक मसीह या १८ डिसेंबर २०१४च्या निकालानं जादा दिलेल्या रकमेची वसुली कुणाकडून करू नये, हे सांगितलं आहे: वर्ग तीन आणि चारचे कर्मचारी, निवृत्त झालेले किंवा वर्षभरात होणारे, आणि जिथं वसुलीच्या आदेशाआधी पाच वर्षांहून अधिक काळ पैसे दिले गेले तिथं. आपले वाचक यातल्या एकाहून अधिक कसोट्यांना उतरतात. शिवाय मूळ लाभ चुकीनं दिलाच नव्हता, मग नकाराच्या तारखेआधीची रक्कम ‘जादा’ कशी? ती कापणं सरळसरळ अन्यायाचं आहे.

एक कागद मात्र आधी शोधावा: हमीपत्र. वेतननिश्चितीच्या वेळी ‘जादा रक्कम निघाल्यास परत करीन’ अशा ओळीखाली बहुतेकांनी न वाचता सही केलेली असते. जगदेव सिंग प्रकरणात (२०१६) अशाच हमीमुळे निवृत्त न्यायिक अधिकाऱ्याकडून वसुली मान्य झाली. ते वरिष्ठ अधिकारी होते. तंत्रज्ञाला तोच न्याय लावावा का, हा वादाचा मुद्दा आहे आणि तो सोडू नये.

दाद कुठं मागायची? मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात) नाही, कंपनीचे कर्मचारी तिच्या कक्षेत येत नाहीत. कामगार या व्याख्येत बसणाऱ्याला कोल्हापूरच्या औद्योगिक न्यायालयात अनुचित कामगार प्रथांची तक्रार करता येते आणि वसुलीला अंतरिम स्थगितीही मागता येते. अभियंत्यांना मुख्यतः उच्च न्यायालयाचा रस्ता. तोही आता जवळ आलाय: १८ ऑगस्ट २०२५पासून कोल्हापुरात सीपीआर रुग्णालयासमोरच्या जुन्या इमारतीत उच्च न्यायालयाच्या सर्किट बेंचचं काम सुरू आहे आणि मुंबईची फेरी वाचली आहे.

औद्योगिक न्यायालयातल्या तक्रारीला मुदत ९० दिवसांची आहे. उशीर झाल्यास सबळ कारण द्यावं लागतं. तेव्हा वसुलीचा आदेश, नकाराचा अर्ज आणि जीओ ७४ मंजुरीचं पत्र, या तिन्हींच्या प्रती घेऊन वाचकानं याच आठवड्यात वकील गाठावा. मानीव दिनांक पुढच्या भागात.