मिडल-अर्थचा दफ्तरदार

जे. आर. आर. टोल्किन २ सप्टेंबर १९७३ रोजी वारले, तेव्हा त्यांच्यामागे अप्रकाशित लेखनाची सत्तरएक खोकी उरली. त्यांची कादंबरी 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज' जगभर वाचली जात होती. पण मिडल-अर्थ या त्यांच्या कल्पित जगाच्या ज्या पुराणकथांच्या पायावर ती उभी आहे, त्या या खोक्यांत पडून होत्या. पहिल्या महायुद्धापासून लिहिलेल्या, पुन्हा लिहिलेल्या, अर्ध्यावर सोडलेल्या. पुष्कळ कागदांवर तारीख नाही. आधी पेन्सिलीने खरडायचं आणि मग त्याच ओळींवर शाईने नवा मजकूर चढवायचा, अशी टोल्किन यांची पद्धत. दुसऱ्या महायुद्धात कागदाची टंचाई झाली, तेव्हा त्यांनी जुन्या उत्तरपत्रिकांच्या पाठकोऱ्या बाजू लिहून भरल्या.

हा पसारा उलगडायचं काम तीन मुलग्यांतल्या धाकट्याने, ख्रिस्तोफरने, अंगावर घेतलं.

मी मोडी कागद वाचण्याचं काम करते. अक्षर लागणं ही त्यातली पहिली पायरी. खरा कस लागतो तो एकाच कागदावरच्या दोन शाया, मागाहून घुसवलेला शब्द, समासातला शेरा वेगवेगळे काढताना. म्हणूनच ख्रिस्तोफर टोल्किन मला आमच्या कामातला फार थोर माणूस वाटतो.

त्याचा जन्म २१ नोव्हेंबर १९२४चा, लीड्समधला. वडील रात्री हॉबिट या बुटक्या जमातीतल्या बिल्बोची गोष्ट सांगायचे, तेव्हा हा चिमुरडा मध्येच अडवायचा: मागच्या वेळी बिल्बोचं दार निळं होतं, आज हिरवं कसं? थोरिनच्या टोपीचा गोंडा सोनेरी होता, तो रुपेरी कधी झाला? वडील वैतागून उठायचे आणि टेबलाशी जाऊन टिपून ठेवायचे. पुढे या गोष्टीचं पुस्तक छापून आल्यावर त्याला सापडलेल्या प्रत्येक चुकीमागे त्यांनी दोन पेन्स देऊ केले. दुसऱ्या महायुद्धात तो वैमानिकाच्या प्रशिक्षणासाठी दक्षिण आफ्रिकेत होता, तिथे 'लॉर्ड ऑफ द रिंग्ज'ची नवी प्रकरणं टपालाने जात. १९५४ साली पहिला खंड आला, त्यातला मिडल-अर्थचा नकाशा त्याच्याच हातचा.

१९७५मध्ये त्याने ऑक्सफर्डच्या न्यू कॉलेजातली नोकरी सोडली आणि तो दक्षिण फ्रान्समध्ये राहायला गेला. दोन वर्षांत त्या पुराणकथांचं पुस्तक, 'द सिल्मरिलियन', प्रसिद्ध झालं. गाय गॅव्रिएल के या तरुण कॅनेडियन मदतनिसाबरोबर त्याने अनेक मसुद्यांतून एकसंध ग्रंथ बांधला. कुठेही सांधा दिसत नाही, आणि माझी हरकत नेमकी तिथेच आहे. डोरियाथ या एल्फ-राज्याच्या विनाशाचा भाग वडिलांनी कित्येक वर्षं पुन्हा सविस्तर लिहिलाच नव्हता; तो संपादकांना जवळपास नव्याने रचावा लागला. आपण तिथे मर्यादा ओलांडली, हे ख्रिस्तोफरने १९९४ साली स्वतःच छापून सांगितलं.

त्याचं खरं मोठं काम त्यानंतरचं. १९८३ ते १९९६ या काळात 'द हिस्टरी ऑफ मिडल-अर्थ'चे बारा खंड निघाले. इथे त्याने कथा जुळवली नाही. मसुदे क्रमाने लावून वाचकापुढे ठेवले, खाडाखोडीसकट. त्यातला एक नमुना सांगते. ब्री गावच्या खानावळीत कोपऱ्यात बसलेला तो गूढ भटक्या, जो पुढे राजा ॲरागॉर्न ठरतो, तो आधीच्या मसुद्यांत माणूसच नाही. तो ट्रॉटर नावाचा हॉबिट आहे आणि त्याच्या पायांत लाकडी बूट आहेत! हा कोण, याचं उत्तर टोल्किन पानांमागून पानं शोधत राहिले. कथानायक फ्रोडोचं नाव तेव्हा बिंगो होतं. हे सगळं कळतं ते कोणता कागद आधीचा आणि कोणता नंतरचा हे ख्रिस्तोफरने ठरवलं म्हणून.

'लॉर्ड ऑफ द रिंग्ज'ची हस्तलिखितं अमेरिकेतल्या मार्केट विद्यापीठाने १९५७मध्येच विकत घेतली होती. पण काही पानं घरीच राहून गेली होती. ती सापडली तशी ख्रिस्तोफरने तिकडे पाठवून दिली, गठ्ठा फुटका राहू नये म्हणून. दफ्तर सांभाळणाऱ्यालाच या गोष्टीचं मोल कळेल.

गंमत अशी की वडिलांच्या कथेतही हेच घडतं. बिल्बो आणि फ्रोडोने लिहिलेलं लाल पुस्तक फ्रोडोचा सोबती सॅम याचे वंशज जपतात, आणि राजाचा लेखक फिन्डेगिल त्याची नक्कल उतरवतो. टोल्किन यांनी या नकलकारांना नावं दिली, याचं मला फार अप्रूप आहे.

त्याने संपादलेलं 'द फॉल ऑफ गॉन्डोलिन' २०१८मध्ये आलं, तेव्हा ख्रिस्तोफर ९३ वर्षांचा होता. १६ जानेवारी २०२० रोजी तो फ्रान्समध्येच वारला.

मुग्धा कर्णिक यांच्या 'स्वामी मुद्रिकांचा' या अनुवादातून मूळ कथा मराठीत वाचता येते. ती वाचून झाली असेल, तर पुढे एकदम 'सिल्मरिलियन' हाती घेऊ नका. 'हिस्टरी'च्या बारा खंडांपैकी सहावा, 'द रिटर्न ऑफ द शॅडो', आधी घ्या. ट्रॉटर तिथेच भेटेल.