कार्ट्रिजचा गेम कॉम्प्युटरवर!

दोस्तांनो, नागपूरचं ऊन काय असतं ते वेगळं सांगायला नको! १९९०च्या दशकात मे महिन्याच्या दुपारी कूलरसमोर बसून टीव्हीवर व्हिडिओ गेम रंगायचे. तेव्हाचे बरेच खेळ-डबे निन्टेन्डोच्या 'फॅमिकॉम'ची नक्कल होते. फॅमिकॉम १९८३ साली जपानमध्ये आला. त्याची कामाची मेमरी होती अवघी २ किलोबाइट!

ते डबे आता बिघडत चाललेत. मग खेळ संपला? मुळीच नाही! 'इम्युलेटर' नावाचा प्रोग्रॅम गेममधली एकेक आज्ञा वाचतो आणि जुनी चिप जे करील, तेच करतो.

करून बघा: 'एफसीईयूएक्स' हा मोफत इम्युलेटर त्याच्या मूळ साइटवरूनच घ्या. कॉन्फिग मेनूत उडी, गोळी, डावं-उजवं यांच्या कळा ठरवा. मग फाइल मेनूतून गेमची फाइल उघडा. झालं!

पण थांबा. इम्युलेटर मोफत असला, तरी मारिओ फुकट नाही. त्यावर निन्टेन्डोचा हक्क आजही आहे. मग खेळायचं काय? या जुन्या यंत्रासाठी हौशी मंडळी अजूनही नवे गेम लिहितात, आणि काही जण ते मोफत वाटतात. तिथून सुरुवात करा. आणि हो, २ किलोबाइट मेमरीत अख्खा गेम कसा चालवतात, तेही शोधून काढा बरं का!