अनुक्त अर्थाची पटकथा : लुइस गार्सिया बेर्लांगा

उच्चारलेल्या वाक्याहून अभिप्रेत अर्थ निराळा असू शकतो, हे व्यंजनेच्या विचाराने फार पूर्वीच दाखवून दिले आहे. परंतु जेथे प्रत्येक वाक्य सरकारी परीक्षकाच्या नजरेखालून जाते, तेथे हा भेद केवळ शास्त्रीय राहत नाही; लेखकाचे टिकून राहणेच त्यावर अवलंबून असते. स्पॅनिश दिग्दर्शक व पटकथाकार लुइस गार्सिया बेर्लांगा (१९२१–२०१०) यांची कारकीर्द याचे बोलके उदाहरण होय.

वालेन्सिया येथे जन्मलेले बेर्लांगा माद्रिदमध्ये १९४७ साली स्थापन झालेल्या चित्रपटशिक्षण संस्थेच्या पहिल्या विद्यार्थ्यांपैकी एक. फ्रँकोच्या राजवटीत पटकथा चित्रणापूर्वी व चित्रपट प्रदर्शनापूर्वी तपासला जाई. १९५३ च्या ‘स्वागत, मिस्टर मार्शल’ या चित्रपटात अमेरिकी मदतीच्या आशेने कास्तीयमधील एक खेडे आंदालुसियाचा वेष धारण करते. पाहुण्यांच्या मोटारी मात्र न थांबता निघून जातात. वरवर पाहता थट्टा अमेरिकेची आहे. परंतु परक्यांना रुचेल असे सोंग आणणारा देश कोणता, हे प्रेक्षकास सांगावे लागत नाही. बहिऱ्या महापौराचे भाषण तर शब्दांची आवर्तने करीत अर्थापर्यंत पोहोचतच नाही. सत्तेच्या भाषेवरील ते मार्मिक भाष्य आहे.

१९५७ च्या ‘गुरुवारी चमत्कार’ या चित्रपटात मात्र सेन्सॉरने कथानकच बदलावयास लावले. पुढे राफाएल आस्कोना या लेखकाच्या सहकार्याने बेर्लांगांनी ‘प्लासिदो’ (१९६१) व ‘फाशीवाला’ (१९६३) हे चित्रपट केले. त्यांत दृश्य दीर्घकाळ अखंड चालते व अनेक पात्रे एकाच वेळी बोलतात. ‘प्लासिदो’मध्ये नाताळच्या पूर्वसंध्येला गरिबांना पंक्तीस बसविण्याचा सोहळा चाललेला असतो, आणि तीनचाकी गाडीचा हप्ता भरण्यासाठी धडपडणाऱ्या नायकाचे म्हणणे त्या कोलाहलात कोणी ऐकत नाही. येथे अर्थ कोणत्याही एका वाक्यात नाही. तो संवादांच्या परस्परांवर आदळण्यात आहे, आणि असा अर्थ कागदावरील ओळ खोडून नष्ट होत नाही.

‘फाशीवाला’मध्ये सरकारी घराच्या लोभाने सासऱ्याचे वधिकाचे काम पत्करलेल्या जावयावर अखेर तो प्रसंग येतो. विस्तीर्ण, पांढऱ्या दालनातून एक गट कैद्यास नेतो. मागून दुसरा गट वधिकासच ओढत नेतो. शब्दांची गरज उरत नाही. त्याच वर्षी स्पेनमध्ये राजकीय कैद्यांना देहान्ताची शिक्षा झाली होती. व्हेनिसच्या महोत्सवात चित्रपट दाखविला गेला तेव्हा इटलीतील स्पॅनिश राजदूताने निषेध नोंदविला, आणि स्पेनमध्ये त्याला कात्री लागली. तरीही ते दृश्य उरले.

फ्रँकोचा मृत्यू १९७५ मध्ये झाला. १९७८ च्या ‘राष्ट्रीय बंदूक’मध्ये बेर्लांगांनी त्या राजवटीच्या शिकारमेळाव्यांवर उघड टीका केली. २०२० साली स्पॅनिश अकादमीच्या कोशात ‘बेर्लांगियानो’ हे विशेषण दाखल झाले. ज्याने आपला अर्थ शब्दांच्या आड जपला, त्याच्या नावाचाच अखेर शब्द व्हावा, ही गोष्ट भाषेच्या अभ्यासकास लक्षणीय वाटेल.